शेजारच्या सीटवरची बाई

१

माझं काम असं आहे की त्यात माणूस शेवटी सात अक्षरांचा उरतो. डॉक्टर पानंच्या पानं लिहितात, मी ती वाचते आणि प्रत्येक दुखण्याला त्याचा ठरलेला संकेत लावते. गाडीचा अपघात असेल तर गाडी कोणती, ती कशावर आदळली, माणूस चालवत होता की शेजारी बसला होता, सगळं त्या संकेतात येतं. सातवं अक्षर सगळ्यात शेवटी. ए म्हणजे जखम ताजी आहे. डी म्हणजे भरत आली आहे. आणि एस म्हणजे जखम केव्हाच भरली, पण मागे काहीतरी राहून गेलं. लंगडणं, न वळणारं मनगट, दमट हवेत ठणकणारं हाड. पुस्तकात त्याला भारदस्त नाव आहे, आमच्या खोलीत आम्ही त्याला शेपूट म्हणतो.

शेपटाला मुदत नसते. अपघात चाळीस वर्षांपूर्वीचा असला तरी चालतो. आधी काय राहिलं ते लिहायचं, मग कशातून राहिलं ते. आणि जे कागदावर नाही ते आपल्या लेखी घडलेलंच नाही. हे सगळं मला आरासेलिसनं शिकवलं.

आरासेलिस तोरो लेब्रोन. वय एकसष्ट, माझ्याहून सतरा वर्षांनी मोठी. आमच्या बेटावरच्या मायाग्वेस शहरातल्या एका जुन्या दवाखान्याच्या मागच्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर, आम्हा दोघींची खोली. खाली बेकरी आहे. फायली सगळ्या पडद्यावर असतात, तरी सकाळी दहापर्यंत त्यांना पावाचा वास येतो असं मला वाटत आलंय. माझ्या मुलीच्या, यारीच्या, बाप्तिस्म्याला आरासेलिसनं तिला हातात धरलं होतं, तेव्हापासून आम्ही एकमेकींना कोमाय म्हणतो. हे नातं आमच्याकडे सख्ख्या बहिणीच्या वरचं.

"कोमाय, आज पुन्हा साखर घातलीस ना कॉफीत?"

"मी कुठे घातली. आज कॉफीच गोड निघाली."

"डॉक्टरांनी काय सांगितलंय?"

"डॉक्टर काय सांगतात ते वाचायचा मला पगार मिळतो. ऐकायचा नाही."

गुरुवारी आमच्याकडे बाहेरच्या एका क्लिनिकच्या फायली येतात, अपघात विम्याच्या रुग्णांच्या. त्यात नाव झाकलेलं असतं. वय, बाई की पुरुष, आणि एक लांबलचक नंबर, एवढंच दिसतं. मार्चमधल्या एका गुरुवारी सकाळी मी त्यातली एक उघडली. बाई, वय एकसष्ट. उजव्या खांद्यापासून डाव्या कमरेपर्यंत जुना व्रण, गाडीच्या पट्ट्याचा. आमच्याकडे गाडीचं स्टिअरिंग डावीकडे असतं, त्यामुळे चालवणाऱ्याला पट्टा डाव्या खांद्यावरून काचतो आणि शेजारी बसणाऱ्याला उजव्या. कागदावरही तेच लिहिलं होतं. शेजारच्या सीटवर बसलेली व्यक्ती, गाडी आदळली ती रस्त्यात आलेल्या जनावरावर. मी मान डोलावली. सगळं जुळत होतं.

मग मी अपघाताची तारीख वाचली. अकरा वर्षांपूर्वीचा मार्च, वीस तारीख, दोन नंबरचा रस्ता, अन्यास्को गावाजवळचा सपाट पट्टा. जनावर म्हणजे मोकाट सुटलेला घोडा.

हा अपघात मला ठाऊक होता. गाडी चालवत होता आरासेलिसचा भाऊ एलादियो, आणि तो त्यात गेला. पण त्याच्या शेजारी कुणीही नव्हतं. हे मी छातीठोकपणे सांगू शकत होते, कारण शेजारी बसणारी बाई त्या दुपारी माझ्या शेजारी बसली होती.

२

त्या वेळी माझी परीक्षा होती, दुसऱ्याच दिवशी. ती पास झाल्याशिवाय हे काम कायमचं मिळत नाही आणि मी आधी दोनदा आपटले होते. आरासेलिस महिन्याच्या तिसऱ्या गुरुवारी अर्धा दिवस रजा घ्यायची. एलादियो तिला न्यायला यायचा आणि दोघं इसाबेला गावी, वृद्धाश्रमातल्या आईला भेटायला जायची. त्या दिवशी मी तिचा हात धरला. म्हटलं, आजच्या दिवस थांब गं, शेवटचा धडा डोक्यात शिरत नाहीये.

तिनं खिडकीतून खाली ओरडून भावाला सांगितलं. तो गाडीतून उतरून, मान वर करून उभा राहिला. आडव्या अंगाचा माणूस, डोक्यावर मळकी टोपी.

"ग्लोरिमार, माझी बहीण पळवलीस काय?"

"एका दिवसापुरती."

"आणि आईला काय सांगू? तुझी लाडकी लेक विकून आलो म्हणून?"

"आईला सांग, पुढच्या वेळी दोन तास जास्त बसेन," आरासेलिस म्हणाली. तो हसला, आईसाठी घेतलेली पावाची पिशवी त्यानं शेजारच्या सीटवर ठेवली आणि गेला.

आम्ही बेकरीतून पेरूच्या मुरंब्याचा गुंडाळलेला केक आणला. त्याच्या कागदावर आरासेलिसनं एक कुत्रं काढलं आणि म्हणाली, हे बघ, कुत्रं भिंतीपलीकडे गेलं तरी शेपूट इकडे दिसतंय, तर काय लिहिशील? मी इतकी हसले की केक घशात अडकला. तिनं पाठीत धपाटा घातला. सातवं अक्षर मला त्या दुपारी कळलं ते कायमचं.

चार वाजून दहा मिनिटांनी फोन आला.

एलादियो लगेच गेला नव्हता. गाडी कापून त्याला काढायला चाळीस मिनिटं लागली आणि तेवढा वेळ तो शुद्धीवर होता. बचाव पथकातल्या माणसानं अंत्यविधीच्या वेळी आरासेलिसला सांगितलं की तो सारखा बोलत होता, तोंड उजवीकडे करून, कुणीतरी बसलंय असं.

मी परीक्षा पास झाले. माझी नोकरी, माझं घर आणि माझा ताठा, सगळं त्या दुपारवर उभं आहे. तिला मी थांबवलं म्हणून ती वाचली, असं मी स्वतःला सांगत आले. तिला मी थांबवलं म्हणून तो एकटा गेला, हेही मला माहीत आहे. ती दुपार मला फार प्रिय आहे आणि तिची मला लाजही वाटते.

३

मी भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्यांतली नाही. माझ्या धंद्यात प्रत्येक भुतामागे एक चुकलेला टायपिस्ट असतो.

इथेही उत्तर समोर होतं. आमच्याकडे प्रत्येकाला दोन आडनावं, एक बापाचं आणि एक आईचं. सॉफ्टवेअर आलं अमेरिकेच्या मुख्य भूमीवरून, त्याला एकच आडनाव पुरतं. दुसरं ते कापतं, नाहीतर मधलं नाव समजून भलतीकडे चिकटवतं. मग बहीण-भाऊ, मावसबहिणी, एका गल्लीतले तीन तोरो, सगळे एकमेकांच्या फायलीत जाऊन बसतात. एकदा एका म्हाताऱ्या आजोबांना आम्ही जवळजवळ बाळंतीण करून टाकलं होतं. तेव्हा एलादियोच्या अपघाताचे कागद कुठल्या तरी बाईच्या फायलीत शिरले असणार, हे उघड होतं. मी फाइलला सातवं अक्षर लावलं नाही. 'दोन रुग्णांच्या नोंदी मिसळल्याची शक्यता, तपासावे' अशी चिठ्ठी जोडून परत पाठवली. आरासेलिसला काही बोलले नाही. त्या महिन्यात ती तशीच हळवी असते.

पुढच्या गुरुवारी फाइल परत आली. तपासलं, नोंदी एकाच रुग्णाच्या आहेत, असा शेरा होता. आणि आता पट्ट्याच्या व्रणाच्या खाली एक ओळ जास्त होती. उजव्या खुब्याचं हाड पूर्वी मोडून जुळलेलं, चालताना लंगडणं. सोबत एक्सरे, त्यावर अकरा वर्षांपूर्वीची तारीख. मी डॉक्टर नाही, पण हजारो एक्सरेंचे अहवाल वाचलेत. हा कमरेचा सांगाडा बाईचा होता.

शेवटच्या पानावर कुणीतरी मागून काढलेला गाडीचा फोटो जोडलेला होता. फुटलेली मागची काच, काचेतून एका डोक्याची मागची बाजू, मळकी टोपी. डोकं उजवीकडे वळलेलं. शेजारच्या सीटच्या वर काही नव्हतं. मी पान पटकन बंद केलं.

त्याच वेळी जिन्यात पावलं वाजली. आरासेलिसची पावलं मी झोपेतही ओळखेन. दोन जलद, मग कठड्याला हात, मग दोन जलद. त्या दिवशी एक पाऊल पडत होतं आणि दुसरं ओढलं जात होतं.

४

"काय झालं गं पायाला?"

"काही नाही. खुबा धरलाय."

"कधीपासून?"

"एकसष्ट वर्षांपासून. तुझा एकेचाळिसाव्या वर्षीच धरला होता, तेव्हा मी विचारलं का?"

"माझा धरला होता बाळंतपणानं."

"माझा हवेनं. बस आणि काम कर, कोमाय. माझ्या पायाला संकेत लावत बसू नकोस."

ती वाकून पिशवीतून डबा काढायला लागली. भात, तुरीचे हिरवे दाणे, वर तळलेल्या केळ्याचे दोन काप, नेहमीचा डबा. वाकताना ब्लाउजचा गळा एका बाजूला सरकला. उजव्या खांद्याच्या हाडाजवळून एक पांढुरकी, गुळगुळीत रेघ तिरकी खाली गेलेली होती. जुना व्रण, दहा-अकरा वर्षांचा. मी तिच्यासोबत समुद्रात पोहले आहे. मागच्या उन्हाळ्यात, यारीला तरंगायला शिकवताना, त्या खांद्यावर मी माझ्या हातानं तेल चोळलं होतं. तिथे तेव्हा नुसते तीळ होते.

"असं काय बघतेस?" ती म्हणाली.

"केळं बघतेय," मी म्हटलं. तिनं एक काप माझ्या ताटलीत टाकला.

दुपारभर मी स्वतःशी वाद घातला. व्रण असेल आधीपासून, मी पाहिला नसेल. बाई आहे, वय आहे, खुबा दुखतो, क्लिनिकमध्ये गेली असेल. तिथे तिची आणि भावाची फाइल एकत्र झाली असेल, कारण दोघांची दोन्ही आडनावं एकच. सगळं पटण्याजोगं होतं. फक्त कागद भावाचे असतील तर पट्टा डाव्या खांद्यावर असायला हवा होता.

५

शंका असली की डॉक्टरांना लेखी प्रश्न पाठवायचा, हा नियम आहे. त्यात उत्तर सुचवायचं नाही, हा दुसरा नियम. मी त्या क्लिनिकच्या डॉक्टर फेब्रेसना लिहिलं, 'रुग्ण गाडीत नेमकी कुठे होती आणि ही माहिती कोणाकडून मिळाली, कृपया स्पष्ट करावे.' तोपर्यंत फाइल पुन्हा अडवून ठेवली. सातवी जागा तशीच रिकामी.

उत्तर आलं तिसऱ्या गुरुवारी. 'चालकाच्या शेजारी. माहिती रुग्णाकडून. जुन्या एक्सरेंशी सुसंगत.' त्याखाली नव्या ओळी होत्या. उजवीकडच्या चार बरगड्या मोडून जुळलेल्या. फुप्फुस आकसलेलं. जिना चढताना दम लागणं. आणि सगळ्यात खाली, कंसात, 'यकृताची जुनी इजा? पुढील तपासणीत पाहू.'

मी ती ओळ तीनदा वाचली. खांदा, खुबा, बरगड्या, आता यकृत. व्रणापासून सुरू होऊन काहीतरी आठवड्याला एकेक वीत आत सरकत होतं. अशा सगळ्या जखमा एकत्र असलेल्या फायली मी पाहिल्या आहेत. त्यांना शेपूट नसतं. त्यांच्यात शेवटचा कागद शवागाराचा असतो.

खाली बेकरीचं शटर वाजलं. मग जिन्यावर ती. चार पायऱ्या, थांबणं. तीन पायऱ्या, थांबणं. मधल्या वळणावर ती इतका वेळ थांबली की मी खुर्चीवरून उठले. तिच्या श्वासाचा आवाज दारापर्यंत येत होता, ओल्या कापडातून हवा काढल्यासारखा. मला खरं तर धावत जायला हवं होतं. मी दाराशी उभी राहिले आणि मला भीती वाटली, माझ्या कोमायची, की वळणावरून वर जे येईल ते ती नसेल.

आली ती तीच होती. घामानं डबडबलेली, हातात दोन कॉफीचे पेले.

"धर," ती म्हणाली. "एक सांडलीय थोडी. ती तुझी."

६

मी तिला बसवलं, वारा घातला, पाणी दिलं आणि मग नियम मोडला. फाइल तिच्यासमोर फिरवली.

"ही तू आहेस?"

तिनं चष्मा लावला. आपल्याच दुखण्यांच्या ओळी ती वाचत गेली, जशी ती माझं काम तपासायची, ओठ हलवत. एका ठिकाणी बोट ठेवून म्हणाली, "इथे त्यांनी क्रम चुकवलाय. आधी राहिलेलं लिहायचं."

"आरासेलिस."

मी तिला नावानं हाक मारत नाही. तिनं चष्मा काढला.

"खुबा दुखायला लागला म्हणून मी क्लिनिकमध्ये गेले. कशानं झालं, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, घोड्याला धडकलो."

"धडकलो? कोण?"

"आम्ही."

एसी घरघरत होता. ती पुढे बोलणार हे मला कळत होतं.

"तो गेल्यापासून दर तिसऱ्या गुरुवारी दुपारी मी मनातल्या मनात त्याच्या शेजारी जाऊन बसते. इथे, याच खुर्चीत, तू समोर असतेस. मी जिना उतरते, पावाची पिशवी मांडीवर घेते, पट्टा लावते. त्याचं माहीत आहे ना तुला, पट्टा लावल्याशिवाय चावी फिरवत नसे. मग आम्ही जातो. इतकी वर्षं मी अन्यास्कोच्या आधी डोळे उघडायची, नाहीतर सरळ इसाबेलाला आईपाशी पोचायची. गेल्या वर्षी आई गेली. आता पुढे जायला जागाच राहिली नाही, ग्लोरी. गाडी तिथेच थांबते."

"आणि तू उतरत का नाहीस?"

"कशी उतरू? तो बोलत असतो."

मी रडायला लागले. मला रडणं आवडत नाही, माझं नाक लाल होतं आणि तोंडाला येईल ते मी बोलते. मी म्हटलं, हे माझ्यामुळे, मी थांब म्हटलं नसतं तर. तिनं माझ्या डोक्यावर टपली मारली.

"गप्प. तुझ्यावर मी एक दिवस रागावले नाही. पण तो चाळीस मिनिटं रिकाम्या सीटशी बोलला. ते मला सोसत नाही." मग तिनं पडद्याकडे बघितलं. "सातवं अक्षर लावलंस?"

"नाही. मी फाइल अडवली. दोनदा."

"का?"

"खरं नाही म्हणून. तू इथे होतीस. आपण केक खाल्ला. तू कुत्रं काढलंस."

"हो, काढलं," ती म्हणाली, आणि तिला पुढचं वाक्य बोलायला दोन श्वास लागले. "कोमाय, शेपूट कुणाला असतं?"

मला उत्तर माहीत होतं, तिनंच शिकवलेलं. जो वाचला त्याला. ए, डी, यांत माणसाचं पुढे काहीही होऊ शकतं. एस फक्त त्यालाच लागतो जो त्यातून बाहेर आला आणि घरी गेला. मी शंकेखोर, मी काटेकोर, मी दोन आठवडे ती जागा रिकामी ठेवली होती. आणि तेवढे दोन आठवडे ही बाई त्या गाडीत बसून होती, तिच्या जखमा अजून मोजल्या जात होत्या.

"लावलं तर तू त्या गाडीत होतीस असं होईल," मी म्हटलं.

"हो."

"मग माझ्या शेजारी कोण होतं?"

ती माझा हात हातात घेऊन बसून राहिली, आणि तिचा हात गार होता.

७

ती खाली बेकरीवाल्या प्रोविबाईंच्या खुर्चीत जाऊन बसते म्हणाली. तिच्यासमोर मला ते करता आलं नसतं, हे तिला माझ्याआधी कळलं. पायऱ्या उतरण्याचा आवाज संपेपर्यंत मी थांबले.

बाहेर लख्ख ऊन होतं, कुणीतरी गाडी धुत होतं, रेडिओ चालू होता. मी पहिले सहा रकाने भरले. गाडी, जनावर, शेजारची सीट. सातव्यावर कर्सर लुकलुकत राहिला.

नियम असा आहे की शेवटचं अक्षर लावण्याआधी सगळी पानं पुन्हा बघायची. मी बघितली. फोटोचं पान शेवटी आलं.

फुटलेली काच तशीच, मळकी टोपी तशीच, उजवीकडे वळलेली. पण आता शेजारच्या सीटच्या वर केसांचा अंबाडा होता. डोकं भावाकडे वळलेलं नव्हतं. ते पुरतं मागे फिरलेलं होतं, फोटो काढणाऱ्याकडे, म्हणजे माझ्याकडे. काचेच्या तड्यांमुळे चेहरा नीट दिसत नव्हता. एका गालावर खूप अंधार होता. एक डोळा दिसत होता, आणि मी काही कठीण लिहीत असले की टेबलावरून ती जशी बघायची, जमतंय ना गं, असं विचारत, तसा तो बघत होता.

मी ओरडले नाही. एवढंच झालं की मला त्या डोळ्याला फार वेळ थांबवून ठेवणं बरं वाटेना.

मी डोळे मिटून ती दुपार एकदा पूर्ण बघून घेतली. केकचा कागद, पेन्सिल, तिचं हसणं, पाठीत बसलेला धपाटा. मग मी एस दाबला आणि फाइल पाठवून दिली.

८

क्लिनिकनं उपचार मंजूर केले. आरासेलिस आता आठवड्यातून दोनदा व्यायामाला जाते, काठी वापरते, जिन्यात एकदाच थांबते. यकृत ठणठणीत निघालं. तिथल्या पोरसवदा डॉक्टरणीला ती नावं ठेवते आणि तिच्यासाठी पावही नेते. पुढच्या महिन्यात ती निवृत्त होणार आहे, असं गेली चार वर्षं म्हणते.

भिंतीवरच्या माझ्या प्रमाणपत्रावर नोव्हेंबर महिना आहे. तो मार्च होता, असं मी शपथेवर सांगेन, पण कागद मागितला तर माझ्याकडे कागद नाही. आता मला आठवतं ते असं की मी त्या दुपारी खोलीत एकटीच होते. पुस्तक उघडं होतं, शेजारची खुर्ची टेबलाखाली सरकवलेली होती. मला हेही आठवतं की पुढचे चार महिने मी रोज संध्याकाळी तिच्या वॉर्डात सुरणाचं सूप नेत होते आणि ती त्यात मीठ नाही म्हणून कुरकुरायची. पाठीतला धपाटा मी आठवून बघते. तो आठवत नाही. तो होता, एवढं मी एका चिठ्ठीवर लिहून ठेवलंय, आणि आता ती चिठ्ठी वाचताना वाटतं की दुसऱ्या कुणाबद्दल लिहिलंय.

काल दुपारी कॉफी पिताना मी तिला विचारलं. अकरा वर्षांत कधी विचारलं नव्हतं, किंवा विचारण्यासारखं काही नव्हतं, यातलं खरं कोणतं ते मला सांगता येत नाही.

"कोमाय, एलादियो शेवटी काय बोलत होता?"

ती खिडकीबाहेर बघत हसली. "आधी घोड्याला शिव्या. मग घोड्याच्या मालकाला. मग आईचा पाव चेपला म्हणून हळहळला. चाळीस मिनिटं, गप्प बसेल तर शपथ." तिनं कप खाली ठेवला. "शेवटी शेवटी म्हणाला, ग्लोरिमार एवढी थांब थांब म्हणत होती, थांबायचं होतंस की गं तिच्याजवळ."

"मग तू काय म्हणालीस?"

"मी म्हटलं, तिच्याकडे पुस्तक होतं. तुझ्याकडे कोण होतं?"

मी तिच्या कपात अजून कॉफी ओतली आणि साखरही घातली, दोन चमचे, तिनं न मागता.